पोलीस क्रमांक दोनशी संसार

(पत्राचा सारांश. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत.)

पत्र लिहिणाऱ्या बाई ४९ वर्षांच्या, मूळच्या साताऱ्याच्या. पुण्यात फ्रेंच शिकल्या, चार वर्षं शिकवलंही. तिथेच ओळख झालेल्या एका फ्रेंच नटाशी लग्न करून गेली २२ वर्षं त्या लियोंला लागून असलेल्या व्हिलरबानमध्ये राहतात. एका कंपनीच्या हिशेब विभागात त्यांची कायम नोकरी आहे. घराचं कर्ज त्यांच्याच पगारावर मिळालं. नवरा ५४ वर्षांचा. २८ वर्षं नाटक, चित्रपट, मालिका आणि डबिंग करतो, पण भूमिका कायम छोट्या. शेजारी, नोटरी, गावचा डॉक्टर, आणि एका चित्रपटाच्या श्रेयनामावलीत तर नुसतंच ‘पोलीस क्रमांक दोन’. साताऱ्याचा भाऊ प्रत्येक चित्रपट शोधून बघतो आणि फोन करतो, “ताई, दाजी कुठं दिसलेच नाहीत.” मागच्या वर्षी तर खरोखरच दिसले नाहीत, कारण त्यांचा एकमेव प्रसंग संकलनात कापला गेला होता.

यंदा दोन गोष्टी एकदम घडल्या. नवऱ्याला नगरपालिकेच्या सांस्कृतिक विभागात कायम नोकरी चालून आली होती. सहा दिवसांच्या एका भूमिकेसाठी त्याने ती नाकारली आणि बाईंना नंतर सांगितलं. त्याच महिन्यात १७ वर्षांच्या मुलाने जाहीर केलं की शाळा संपली की त्याला नाट्यशाळेत जायचंय. बाई विचारतात, “ताई, मी २२ वर्षं एक अपयश पोसलं का? आणि आता दुसरं पोसायला घ्यायचं का? नवऱ्याला ‘आता पुरे’ म्हणण्याचा अधिकार मला आहे की नाही?” पत्राच्या शेवटाकडे, कंसात, एक ओळ आहे: “(मी पण पूर्वी भाषांतरं करायचे, पण ते राहून गेलं.)”

प्रिय मैत्रिणी,

त्या कंसातल्या ओळीपाशी मी सारखी परत येते आहे. पण त्याआधी ‘अपयश’ या शब्दाबद्दल बोलायला हवं, कारण तुमचं सगळं पत्र त्या एका शब्दावर उभं आहे.

तुम्ही लिहिता, ‘तो कधी नायक झालाच नाही.’ त्यांना व्हायचं होतं का? मी पत्र पुन्हा चाळून पाहिलं, त्याचं उत्तर कुठेच सापडलं नाही. तुमच्या भावाला वाटतं दाजी नायक व्हायला हवे होते. तुमच्या आईला वाटायचं. तुम्हालाही कदाचित वाटत असेल, आणि त्यात चूक काही नाही. आपण ज्या घरांत वाढलो तिथे सिनेमा म्हणजे हिरो, हिरोईन आणि उरलेले. पण त्या माणसाने स्वतःचं काम कोणत्या मापाने मोजलं हे तुम्ही त्याला २२ वर्षांत विचारलं नसेल, तर आपण त्याला दुसऱ्याच परीक्षेत नापास करतो आहोत.

फ्रेंचमध्ये या भूमिकांना ‘सगों रोल’ म्हणतात, दुसरी भूमिका. त्याखाली गुंडाच्या टोळीतल्या तिसऱ्या-चौथ्या माणसासाठी ‘त्र्वाझिएम कुतो’, म्हणजे तिसरा सुरा. त्याखाली ‘सिलुएत’: संवाद जवळपास नाही, पण कॅमेऱ्याला ओळखू येईल इतका माणूस. आणि सगळ्यांत शेवटी गर्दीतला ‘फिगुराँ’. हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे, इतर वाचकांसाठी लिहिते आहे. ही उतरंड वरून पाहिली तर शिडीसारखी दिसते, आणि शिडी म्हटली की खालच्या पायरीवरचा माणूस वर जायला धडपडतोय असंच वाटतं. काहींच्या बाबतीत ते खरंही असतं. सेझार हे फ्रेंच चित्रपटसृष्टीचे पुरस्कार १९७६ साली पहिल्यांदा दिले गेले तेव्हा दुसऱ्या भूमिकेचा पहिला पुरस्कार झाँ रोशफोरला मिळाला, आणि दोनच वर्षांनी त्याने मुख्य भूमिकेचाही मिळवला. पण पहिल्याच सोहळ्यापासून दुसऱ्या भूमिकांचा पुरस्कार वेगळा ठेवलाय, तो उत्तेजनार्थ बक्षीस म्हणून नव्हे. काम वेगळं आहे म्हणून.

वेगळं म्हणजे कसं, हे मला एका नटाने शिकवलं. मोरीस बेनिशू. ‘अमेली’ हा फ्रेंच चित्रपट आपल्याकडेही खूप जणांनी पाहिलाय. त्यात एका माणसाला टेलिफोन बूथमध्ये त्याच्या लहानपणीची लपवून ठेवलेली पत्र्याची डबी सापडते, तो ती उघडतो आणि पन्नाशीतला तो चेहरा आपल्या डोळ्यांदेखत दहा वर्षांचा होतो. मग तो बारमध्ये जाऊन एक कोन्याक मागतो. सगळं मिळून काही मिनिटं. चार वर्षांनी, २००५ मध्ये, मिशाएल हानेकेचा ‘काशे’ आला, म्हणजे ‘लपवलेलं’. त्यात दानिएल ओतई हा मोठा नट मध्यभागी आहे आणि बेनिशू मजीद नावाचा एक अल्जेरियन माणूस आहे. सरकारी इमारतीतली छोटीशी खोली, अंगात साधे कपडे, बोलणं अतिशय अदबीचं. नायक येतो, धमक्या देतो, निघून जातो. त्यानंतर हा माणूस एकटा बसून रडतो, आणि कॅमेरा दूर एका जागी थांबलेला असतो. (पुढे काय होतं ते ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगत नाही.) मी तो चित्रपट पाहून घरी आले आणि दोन दिवस मला मुख्य पात्राचं नाव आठवेना, मजीदचं आठवत होतं. ‘अमेली’तला डबीवाला तोच, हे तर मला फार उशिरा कळलं. ते कळलं नव्हतं हेच त्याच्या कामाचं प्रमाणपत्र.

आणि त्याच्याही आधीची एक गोष्ट, जी तुमच्या साताऱ्याच्या भावाला नक्की सांगा. १९८५ च्या उन्हाळ्यात आव्हिन्योंजवळच्या बुल्बोंच्या दगडखाणीत पीटर ब्रुक या इंग्रज दिग्दर्शकाने झाँ-क्लोद कारिएरने लिहिलेलं ‘महाभारत’ केलं. नऊ तासांचं नाटक. आपली मल्लिका साराभाई द्रौपदी होती. आणि कृष्ण होता हाच बेनिशू, अल्जेरियात जन्मलेला. सारथ्याची भूमिका. आपल्याकडे रथ कोण हाकतो याला कुणी दुय्यम म्हटलेलं मी तरी ऐकलेलं नाही.

२००६ च्या सेझारसाठी मजीदच्या भूमिकेला नामांकन मिळालं. पुरस्कार निल्स आरेस्त्रुपला गेला, तेव्हा तो ५७ वर्षांचा होता. पुढे ६१ व्या आणि ६५ व्या वर्षी त्यालाच तो पुन्हा मिळाला. मिशेल लॉन्सदालचं तर आणखी लांबलं. १९५० च्या दशकापासून काम करणारा माणूस. मार्गरीत द्युरासच्या ‘इंडिया साँग’ चित्रपटातला व्हाइस कॉन्सल तो, आणि जेम्स बाँडच्या ‘मूनरेकर’मधला खलनायकही तोच. अल्जेरियातल्या ख्रिस्ती साधूंवरच्या चित्रपटातला म्हातारा डॉक्टर-साधू केल्याबद्दल २०११ साली त्याला सेझार मिळाला तेव्हा तो ७९ वर्षांचा होता.

ही नावं सांगून मी तुम्हाला ‘थांबा, तुमच्याही नवऱ्याला मिळेल’ असं म्हणत नाहीये. तसं म्हणणं खोटं आणि थोडं क्रूरही होईल. नावं उरतात ती उरलेल्यांचीच. त्यांच्यासारखंच काम करणाऱ्या बहुतेकांना ना नामांकन मिळतं ना कुणी मुलाखत घेतं. श्रेयनामावली वर सरकते तोवर प्रेक्षक कोट चढवून दाराशी पोचलेले असतात. मला एवढंच म्हणायचंय की ५४ व्या वर्षी हा नट नायक नाही, यावरून तो अपयशी ठरत नाही. तो काय करतो आणि कसं करतो, यावरून काहीतरी ठरेल. निळू फुल्यांना आपण कधी ‘हिरो कधी होणार’ असं विचारलं होतं का?

तुम्ही व्हिलरबानला राहता म्हणून आणखी एका जोडप्याबद्दल सांगते, खरं तर तुम्हीच मला सांगायला हवं होतं. ग्रात-सिएलच्या चौकातलं ते मोठं नाट्यगृह, जिथून तुम्ही बहुधा रोज जाता, ते १९५७ साली दिग्दर्शक रोजे प्लाँशाँच्या हाती आलं. त्याच्यासोबत लियोंमधल्या छोट्या नाट्यगृहापासून जी मंडळी होती त्यांत झाँ बुईझ आणि इझाबेल सादोयाँ हे नवराबायको होते. दोघंही जन्मभर दुसऱ्या भूमिकांची माणसं. बुईझला १९८० साली एका चित्रपटातल्या फुटबॉल क्लबच्या अध्यक्षाच्या भूमिकेसाठी सेझार मिळाला. तो १९८९ साली गेला. लुक बेसाँचा ‘निकिता’ त्यानंतर काही महिन्यांनी प्रदर्शित झाला आणि त्यात तो आहे. सादोयाँ ऐंशी उलटल्यावरही रंगमंचावर उभी राहत होती, २०१७ साली गेली. त्यांच्या घरात एक सोय होती जी तुमच्या घरात नाही: दोघांनाही रिकामे महिने काय असतात ते आतून माहीत होतं. तुमच्याकडे रिकामे महिने एकाचे आणि भरलेले बारा महिने दुसऱ्याचे. इथे माझा सगळा कल तुमच्याकडे आहे. दर महिन्याच्या पाच तारखेला कर्जाचा हप्ता कोणाच्या खात्यातून जातो, याला फार मोठा अर्थ असतो. ‘कलेसाठी त्याग’ वगैरे शब्द वापरणाऱ्यांनी तो हप्ता एकदा भरून बघावा.

म्हणून आता हिशेबाकडे येते. तुम्ही हिशेब विभागात आहात, तरी मला शंका आहे की नवऱ्याच्या कामाचा हिशेब तुम्ही कधी पूर्ण मांडलेला नाही. राग इतका साचलाय की ‘त्याला महिन्याला काही मिळतच नाही’ हे वाक्य तुम्ही दोनदा लिहिलंय, आणि तिसऱ्या पानावर ‘बेकार भत्ता येतो तेवढाच’ असंही.

तो भत्ता दान नाही. फ्रान्समध्ये नटाला कायद्याने पगारी कामगार मानलंय. एका दिवसाचं चित्रीकरण असलं तरी करार होतो, विम्याची आणि निवृत्तिवेतनाची वर्गणी कापली जाते. अशा तुटक कामाच्या माणसांना, ‘अँतेरमिताँ’ना, बेकारी विम्यात वेगळे नियम आहेत. १२ महिन्यांत ५०७ तास काम भरलं की पुढच्या वर्षाचा हक्क उघडतो. नटाचा एक ‘काशे’, म्हणजे एका कामाचा मेहनताना, १२ तासांचा धरतात, म्हणजे वर्षाला साधारण ४३ काशे. (हानेकेच्या चित्रपटाच्या नावाशी याचा संबंध नाही, आपल्या लिपीत दोन्ही सारखेच दिसतात.) ऐकायला ४३ हा आकडा किरकोळ वाटतो. पण सहा दिवसांची एक भूमिका, दोन दिवसांची दुसरी, पॅरिसला दोन तासांच्या गाडीने जाऊन केलेलं डबिंग, एखाद्या गावातले नाटकाचे आठ प्रयोग, असं करत करत तो आकडा गाठावा लागतो. आणि संवाद पाठ करणं, निवड चाचण्या, वाट बघणं हे त्यात धरलेलं नसतं. तुमच्या नवऱ्याने तो आकडा किती वर्षं गाठला? पत्रावरून वाटतं की जवळपास दरवर्षी. ही नोकरी नाही, बरोबर आहे. पण २८ वर्षं दरवर्षी नव्याने नोकरी मिळवणं आहे, आणि ते ज्याला जमलंय त्याला आळशी किंवा स्वप्नाळू म्हणता येणार नाही. २००३ साली हेच नियम आवळले तेव्हा कलाकार-तंत्रज्ञ संपावर गेले आणि आव्हिन्योंचा अख्खा नाट्यमहोत्सव रद्द झाला. इतकं ते त्यांच्या भाकरीशी जोडलेलं आहे.

एका रविवारी दोघं बसा. वाद घालायला नाही, कागद काढायला. त्यांची हक्काची वार्षिक तारीख कोणती, त्या तारखेपर्यंत किती तास झालेत, किती कमी पडतात हे भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहा. हे आकडे फक्त त्यांच्या डोक्यात असतात तोवर तुम्हाला अंधारात चालल्यासारखं वाटणारच. एखाद्या वर्षी ५०७ भरले नाहीत तर लगेच आकाश कोसळत नाही. जुन्या माणसांसाठी ३३८ तासांवर सहा महिन्यांपर्यंतची सवलत असते, तिच्या अटी फ्रान्स त्रावाय या रोजगार कार्यालयाच्या सल्लागाराकडून लेखी विचारून घ्या. सुट्टीचे पैसे ‘काँजे स्पेक्ताक्ल’कडून येतात, ते मागावे लागतात. नटांच्या हक्काच्या रकमा अदामी ही संस्था वाटते. तिथे सगळ्या भूमिकांची नोंद आहे का ते पाहा, छोट्या भूमिका करणारे लोक याबाबतीत फार गाफील असतात. आणि निवृत्तिवेतन. ५५ व्या वर्षी तुमच्या नवऱ्याच्या नावाने अंदाजाचा कागद येईल. त्याची वाट न पाहता आजच त्यांची पूर्ण कारकीर्द-नोंद उतरवून घ्या आणि एकेक वर्ष तपासा. २८ वर्षांत शेकडो मालक झाले असतील, त्यातल्या काहींची नोंद गहाळ असण्याची शक्यता मोठी आहे, आणि जुन्या पगारपावत्या कोणत्या खोक्यात आहेत हे त्यांना बहुधा ठाऊक नसेल. तुम्हाला असेल.

आता नाकारलेली नोकरी.

यात माझ्या मते दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि तुम्ही त्या एकत्र बांधल्यात. नोकरी नाकारणं हा त्यांचा निर्णय चूक होता का, हे मी इथे बसून सांगू शकत नाही. ५४ व्या वर्षी एखाद्या नटाने कार्यालयात बसून इतरांच्या नाटकांना अनुदान वाटायचं ठरवलं तर ते सुखाचंही होऊ शकतं आणि रोज थोडं मरणंही. आनी झिरार्दो आठवते. सत्तरच्या दशकात ती फ्रान्सची सगळ्यांत लाडकी नायिका होती, मग कामं थांबली. १९९६ साली दुसऱ्या भूमिकेचा सेझार घ्यायला ती मंचावर आली आणि रडत रडत म्हणाली की, फ्रेंच सिनेमाला माझी उणीव भासली की नाही मला माहीत नाही, पण मला त्याची भासली. वेड्यासारखी, जीव तोडून, दुखेपर्यंत. नायिका होती म्हणून ती हे सांगू शकली. तुमच्या नवऱ्यासारख्या माणसाला जर असं वाटलं तर तो सांगणारही नाही, फक्त घरात गप्प होत जाईल.

पण तुम्हाला न विचारता नाकारणं, ही दुसरी गोष्ट. तिथे ते चुकले. त्या नोकरीवर त्यांच्याइतकाच तुमचाही हक्क होता, कारण तिच्या अभावाचं ओझं तुम्ही वाहणार आहात. हे त्यांना सांगा. ‘तू नट म्हणून संपलास’ हे वाक्य मात्र मधे आणू नका, कारण ते आलं की ते नटाची बाजू लढवायला लागतील आणि तुम्हाला नवऱ्याशी बोलायचंय. ‘मला न विचारता तू आपलं दोघांचं काहीतरी परत केलंस’ एवढंच पुरेसं आहे.

आणि ‘सगळं सोड’ आणि ‘असंच चालू दे’ यांच्या मधेही जागा आहे. मान्यताप्राप्त संस्थेत अभिनय शिकवण्याचे तास त्या ५०७ मध्ये धरता येतात, एरवी ७० पर्यंत आणि पन्नाशीनंतर १२० पर्यंत. तुमच्या भागात नगरपालिकेचे नाट्यवर्ग आहेत, शाळा आहेत. कलाकारांच्या प्रशिक्षणाचा खर्च उचलणारी आफ्दास ही संस्था आहे. शिकवण्याचं रीतसर प्रशिक्षण तिच्यामार्फत घेता येईल का ते विचारा. ज्या माणसाने २८ वर्षं दोन मिनिटांत अख्खा माणूस उभा करायचं काम केलंय, त्याच्याकडे विशीतल्या मुलांना शिकवण्यासारखं नायकांपेक्षा कदाचित जास्त असेल.

‘आता पुरे’ म्हणण्याचा अधिकार तुम्हाला आहे का? पैशांबाबत आहे. घराच्या खर्चात त्यांनी दरमहा किती घालायचं याचा एक आकडा ठरवा, अगदी छोटा का असेना, आणि भरल्या महिन्यांतून रिकाम्या महिन्यांसाठी वेगळ्या खात्यात बाजूला काढायला लावा. किती वर्षं, कोणत्या मर्यादेपर्यंत, हे बोला, तारीख घाला. कामाबाबत मात्र, मला वाटतं, तो अधिकार कुणालाच दुसऱ्यावर नसतो. तुम्ही तो वापरलात आणि त्यांनी ऐकलं, तर पुढची वीस वर्षं तुम्हाला जेवणाच्या टेबलावर कोण भेटेल याचा विचार करा.

मुलाबद्दल मी थोडक्यात लिहिते, कारण तिथे मला फारशी काळजी वाटत नाही. तुम्ही त्याच्याकडे वडिलांचा पुढचा भाग म्हणून बघताय. त्याने नाट्यशाळा निवडली म्हणजे घरातल्या भांडणात बापाला मत दिलं, असं नाही. सतरा वर्षांच्या मुलाला कदाचित नुसतं नाटक आवडत असेल. एक फायदा त्याला आहे जो इतर मुलांना नसतो: या धंद्याची रिकामी बाजू त्याने लहानपणापासून स्वयंपाकघरात बसून पाहिली आहे. महागड्या खासगी शाळेत लगेच पैसे ओतू नका. जवळच्या सरकारी कॉन्झर्व्हात्वारमध्ये, म्हणजे संगीत-नाट्य विद्यालयात, नाट्यवर्ग असतात, फी कमी असते. सोबत विद्यापीठात नाव घालू दे. लियोंमध्ये एन्सात ही राष्ट्रीय नाट्यशाळा आहे, स्ट्रासबूर्गच्या राष्ट्रीय नाट्यगृहाची शाळा आहे, पॅरिसचं राष्ट्रीय कॉन्झर्व्हात्वार आहे. या सगळीकडे प्रवेश स्पर्धेतूनच मिळतो, जागा थोड्या आणि उमेदवार फार. दोन-तीन वर्षं त्या परीक्षा देऊ दे. पण तयारी बापाकडून करून घेऊ दे, आणि खर्चाचा आकडा तुमच्याकडून घेऊ दे. दोघांकडूनही शिकण्यासारखं आहे.

अशीच पत्रं मला पुण्याहून, कोल्हापूरहून, नागपूरहून येतात: नवरा मालिकांमध्ये इन्स्पेक्टर, मुलगी व्यावसायिक नाटकात मोलकरीण, सून ‘ऑडिशनला गेली’. त्या सगळ्यांना सांगते, आपल्याकडे ५०७ तासांसारखी सोय नाही, म्हणून हिशेबाचा भाग आपल्याला जास्त कडक ठेवावा लागेल. सहा महिन्यांचा खर्च बाजूला, आरोग्य विमा घरातल्या कमावत्या माणसाच्या नावावर तरी नक्की, आणि मानधनाचे करार लेखी. ‘नंतर बघू’ म्हणणाऱ्या निर्मात्याला नंतर बघता येत नाही. बाकी सगळं, ‘हिरो कधी होणार’ या प्रश्नासकट, तुम्हालाही तसंच लागू आहे.

आता तो कंस.

‘मी पण पूर्वी भाषांतरं करायचे, पण ते राहून गेलं.’ बाई, चार पानांच्या पत्रात स्वतःच्या कामासाठी तुम्ही एक ओळ दिलीत आणि तीही कंसात. सगळ्यांत छोटी भूमिका तुम्ही स्वतःला दिली आहे. मला वाटतं तुमचा राग मुळात त्यांच्या छोट्या भूमिकांवर नाहीच. या घरात पैसे न देणारं काम करायची परवानगी फक्त एकाच माणसाला होती, त्यावर तो आहे, आणि तो रास्त आहे. तुम्ही फ्रेंच कथा मराठीत आणायचात. का थांबलात? मूल झालं, नोकरी लागली, कर्ज आलं. ‘राहून गेलं’ म्हणताना आपण असं बोलतो जणू ते आपोआप घडलं. कुणीतरी ते राहू दिलं. थोडं तुम्ही, थोडं त्यांनी.

म्हणून त्या रविवारी तासांचा हिशेब मांडाल तेव्हा एक रकाना तुमच्या नावाचाही काढा. आठवड्यातली एक पूर्ण संध्याकाळ आणि शनिवारची सकाळ: जेवण, मुलगा, साताऱ्याचा फोन, सगळं त्यांच्याकडे. रिकामे महिने ज्या माणसाला असतात त्याला हे जमायलाच हवं. त्यांना हे ‘मदत’ म्हणून मागू नका. जुनी देणी आहेत. आणि सुरुवात कशाने करायची हे सुचत नसेल तर त्यांच्या संहितांमधून करा. एखाद्या छोट्या भूमिकेची दोन पानं घ्या आणि मराठीत आणून बघा. नोटरी मराठीत कसा बोलेल? व्हिलरबानचा डॉक्टर साताऱ्याच्या डॉक्टरासारखा बोलेल की वेगळा? तुम्हाला कळेल की ती दोन पानं किती अवघड आहेत.

एक गोष्ट मात्र तुमच्या पत्रात मी शोधत राहिले. मागच्या वर्षी त्यांचा जो प्रसंग कापला गेला, त्याबद्दल तुम्ही भावाचा फोन सविस्तर लिहिलाय, तुम्हाला किती ओशाळल्यासारखं झालं तेही लिहिलंय. पण त्या प्रसंगात होतं काय, ते लिहिलेलं नाही. ते कोण होते त्यात? कुणाशी बोलत होते? तुम्हाला ठाऊक आहे का? नसेल तर आज जेवण झाल्यावर, टेबल आवरायच्या आधी, त्यांना तो करून दाखवायला सांगा. संवाद त्यांना अजून पाठ असतील. आणि मग मला कळवा, मलाही तो प्रसंग बघायचा राहिलाय.

तुमची,
ताई